बसस्टँडचा किस्सा

सोमवार, ४ मार्च

ही वही मी रागाच्या भरात विकत आणली. काका म्हणतात, राग आला की लिहावं, पिण्यापेक्षा स्वस्त पडतं. काका म्हणजे दारू सोडलेल्यांच्या आमच्या मीटिंगमधले रिटायर्ड पोस्टमास्तर. त्यांची दारू सुटून एकवीस वर्षं झाली, माझी नऊ. नऊ वर्षांत थेंब नाही. हे पहिल्याच पानावर लिहून ठेवते, कारण लोकांना अजून खरं वाटत नाही.

आज मीटिंग संपली तर बाहेर पॅसेजमध्ये एक बाई उभी. डॉक्युमेंटरी करते म्हणाली. विषय काय, तर दारू सोडलेल्या बायका. आम्ही बायका पाच. चौघींनी सांगितलं की अंधारात बसवा, आवाज बदला. एक तर म्हणाली, माझे हातही दाखवू नका, अंगठी सगळे ओळखतात. मला अशी तिडीक आली! पुरुष प्याला की ‘बिचाऱ्याला काही दुःख असेल’, आणि बाई प्यायली की तिच्या सात पिढ्या काढायच्या. वर तिनेच अंधारात बसायचं? मी म्हटलं, मला लख्ख उजेडात बसवा. दुकानाची पाटीसुद्धा दिसू दे.

दुकान म्हणजे माझं अल्टरेशनचं. पँटची उंची कमी करणं, चेन बदलणं, कोटाची कंबर सैल करणं. गिऱ्हाइकं मला मास्तरीणबाई म्हणतात. शेजारी औषधांचं दुकान आहे. त्या दुकानदाराची बायको नऊ वर्षं झाली तरी माझ्याशी बोलताना नाक पुढे करते. वास घेते मेली. तिच्यासाठी तरी मला ही फिल्म करायची आहे.

अक्काला फोन केला. अक्का माझी मोठी बहीण. म्हणाली, “झाकली मूठ सव्वा लाखाची असते गं. कशाला उघडतेस?”

मी म्हटलं, “अक्का, मला भर रस्त्यात गटाराशेजारी पडलेली लोकांनी पाहिलंय. आता कुठली मूठ झाकायची?”

तिने मुठीचा विषय सोडला. मग म्हणाली, “चिंगीला विचारलंस का?”

चिंगीला कशाला विचारायचं? चिंगी प्यायली का?

रविवार, १० मार्च

चिंगी, माझी लेक, आली होती. दर रविवारी येते, जेवते, चारच्या बसने जाते. चोवीस वर्षांची आहे, डोळ्यांच्या दवाखान्यात लोकांचे नंबर तपासते. राहते अक्काकडे. अकरा वर्षांची होती तेव्हा मीच तिला तिकडे ठेवलं, कारण मी माणसात नव्हते. मग माझी दारू सुटली तेव्हा ती पंधराची. म्हटलं, आता ये घरी, तर म्हणाली कॉलेज अक्कामावशीकडून जवळ पडतं. मग नोकरीही तिकडूनच जवळ निघाली. असतं एकेकाचं नशीब.

फिल्मवालीने सही करायला दिलेला कागद मी तिला दाखवला. फिल्म पुरी व्हायच्या आधी मला दाखवणार, आणि माझ्याबद्दलचं जे मला पटणार नाही ते काढून टाकायचा मला हक्क. तिने दोनदा वाचला. सही कर म्हणाली नाही आणि नको असंही म्हणाली नाही.

“माझ्याबद्दल काय सांगणार आहेस?” तिने विचारलं.

“तुझ्याबद्दल काय सांगायचं? नेहमीचंच. बसस्टँडचा किस्सा सांगेन. लोकांना आवडतो.”

ती हसली. मग उठून कप धुवायला गेली. ते कप मी आधीच धुऊन पालथे घातले होते. तिने सगळे पुन्हा धुतले. मी म्हटलं, अगं बाई, धुतलेत ते, लक्ष कुठे आहे? म्हणाली, हो का. आणि आज तीनच्याच बसने गेली, डोकं दुखतंय म्हणाली. सारखं त्या मशीनमध्ये डोळे घालून बसायचं, दुखणारच. चष्मेवाल्यांना स्वतःचे डोळे तपासायला वेळ नसतो.

मी मात्र सही ठोकली.

मंगळवार, १२ मार्च

शूटिंग झालं. डोकं फुटायची वेळ आली आहे.

सकाळी नऊला तिघं आले. फिल्मवाली, कॅमेरावाला आणि कानाला हेडफोन लावलेला एक. हेडफोनवाल्याने आल्या आल्या पंखा बंद करायला लावला, आवाज येतो म्हणे. मग भिंतीवरचं घड्याळ उतरवून चिंध्यांच्या पोत्यात खुपसलं. रस्त्यावरून टेम्पो गेला की थांबा, तेच वाक्य परत म्हणा. ‘मी माझ्या मुलीच्या शाळेच्या बुटांचे पैसे प्यायले’ हे वाक्य मी चार टेम्पोंमुळे चार वेळा म्हटलं. चौथ्यांदा मलाच काही वाटेना. घामाने कॉलरचा माइक भिजला.

मला बोलायचं भय नाही. नऊ वर्षं दर सोमवारी शेअरिंग करते. आमची रीत अशी की एक जण बोलतो आणि बाकीचे ऐकतात. मध्ये कुणी बोलायचं नाही, नंतर कुणी काही विचारायचं नाही. सगळ्यांनी फक्त ‘धन्यवाद’ म्हणायचं. म्हणून तर माणसं तोंड उघडतात. प्रश्न विचारले तर पहिल्याच दिवशी निम्मे पळून जातील.

तर मी सुरुवात केली ती चाळीस मिनिटं थांबले नाही. नवरा सोडून गेला ते, शिवलेल्या कापडांच्या गठ्ठ्यात बाटली लपवायचे ते, गिऱ्हाइकाच्या लग्नाच्या कोटाची बाही उलटी लावली ते. मग आला बसस्टँडचा किस्सा. तो मी असा सांगते:

चिंगी आठ वर्षांची. तिला बाकावर बसवलं, म्हटलं पिशवी सांभाळ, पाच मिनिटांत आले. आणि आले ती चार तासांनी! मनात म्हटलं, आता पोरगी रडून गोंधळ घालत असेल. बघते तर काय, बाईसाहेब मजेत, बिस्किटांचा अख्खा पुडा फस्त. मी म्हटलं, “अगं, आईला एक तरी ठेवायचं!” तर म्हणते कशी, “तू उशीर केलास!”

इथे मीटिंगमध्ये हमखास हशा पिकतो. कॅमेरावाला पण आवाज न करता हसला, पोट हलत होतं त्याचं. फिल्मवाली हसली नाही. ती म्हणाली, “मग ते चार तास ती काय करत होती?”

मी म्हटलं, “सांगितलं ना, बिस्किटं खात होती.”

“एका पुड्याला चार तास लागत नाहीत, ताई. आणखी काय?”

मी माइक ओढून काढला. तिला सांगितलं, मी इथे माझ्या दारूबद्दल बोलायला बसले आहे, पोलिसचौकीत नाही. ती माफ करा म्हणाली. हेडफोनवाला माइकची वायर गुंडाळत बसला. जाताना घड्याळ तसंच पोत्यात विसरून गेले, मीच शोधून काढलं.

बुधवार, १३ मार्च

आणखी काय म्हणजे काय? आठ वर्षांची मुलगी बसस्टँडवर काय करणार, बस चालवणार? आज एका गिऱ्हाइकाच्या पँटचा एक पाय दुसऱ्यापेक्षा दोन बोटं आखूड झाला. नऊ वर्षांत पहिल्यांदा.

रविवार, १७ मार्च

आज चिंगीला विचारायचं ठरवलं होतं. म्हणजे सहजच. जेवताना विचारेन म्हटलं, मग म्हटलं जेवण झाल्यावर. मग तिला तिचा जुना कोट घालून बघायला लावला, खांद्यात ओढत होता, टाचण्या लावत बसले. तोंडात टाचण्या असताना माणूस बोलू शकत नाही.

टाचण्या लावून झाल्यावर ती म्हणाली, “आई, त्या फिल्मवाल्या ताईंचा फोन आला होता. मी हो म्हटलंय.”

“कशाला हो?”

“बोलायला. माझ्याबद्दल.”

तळपायाची आग मस्तकात गेली. मी म्हटलं, “तुझं काय आहे त्यात? प्यायले मी. सोडली मी. नाक कापलं गेलं ते माझं. लोकांनी थुंकायचं ते माझ्या तोंडावर. तुला अक्काने दुधातुपात वाढवली, तुला काय बोलायचंय?”

ती कोट काढत होती. एक टाचणी तिच्या दंडाला लागली, थोडं रक्त आलं. तिने ते पाहिलंही नाही.

“बसस्टँडवर मी होते, आई,” ती म्हणाली. “तू नव्हतीस.”

बघा. उलट उत्तर! हे डोळ्यांच्या दवाखान्यात शिकवतात वाटतं. मी म्हटलं, मग जा आणि सांग, आईने छळ केला म्हणून सांग, लोक टाळ्या वाजवतील. तिने कोटाची घडी घातली, मशीनवर ठेवली आणि गेली. दोन वाजता. दोनची बस नसतेच, तीनपर्यंत स्टॉपवर उभी राहिली असेल.

सोमवार, १८ मार्च

सकाळी दुकान उघडायच्या आत फिल्मवालीला फोन लावला आणि जे तोंडाला येईल ते बोलले. माझ्या पाठीमागे माझ्या मुलीला फितवतेस, घरफोडी आहेस, वगैरे. तिने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, “ताई, ती चोवीस वर्षांची आहे. मी तिला एकदाच विचारलं. ती म्हणाली, मला आजपर्यंत कुणी विचारलं नव्हतं.”

“नाटकी आहे ती.”

“असेल. पण तुमच्याबद्दल ती जे बोलेल ते तुम्ही पाहून हो म्हटल्याशिवाय फिल्ममध्ये जाणार नाही. हा माझा शब्द. कागदावरही लिहिलंय.”

म्हणजे काढून टाकायची किल्ली माझ्याच हातात आहे. तेवढं एक बरं झालं.

संध्याकाळी मीटिंगमध्ये मी हे सगळं ओकले. पोटच्या पोरीने कसा केसाने गळा कापला, फिल्मवाली कशी गोड बोलून घात करते, सगळं. वीस मिनिटं बोलले. संपल्यावर सगळे म्हणाले, धन्यवाद. नऊ वर्षं मला त्या शब्दाने बरं वाटत आलं आहे. आज वाटलं, एकेकाच्या डोक्यात खुर्ची घालावी. कुणीतरी काहीतरी बोला की! म्हणा, तुझं चुकतंय. म्हणा, पोरगी चुकते. पण नाही, शिस्तीत धन्यवाद, आणि चहाच्या किटलीकडे रांग.

मंगळवार, २ एप्रिल

आज चिंगीचं शूटिंग झालं. मला अक्काकडून कळलं. कुठे झालं? अक्काच्या बाहेरच्या खोलीत! ‘झाकली मूठ’वाली अक्का, तिने स्वतः सोफा सरकवून दिला आणि पडदे धुऊन लावले. मी सांगते तेव्हा अब्रू जाते आणि भाची सांगते तेव्हा पडदे धुतात.

फोनवर विचारलं तर म्हणते, “तू नऊ वर्षं बोललीस. मी कधी अडवलं? आता तिला बोलू दे.”

“काय बोलली?”

“मी आत होते. दार लावून घेतलं होतं त्यांनी.”

“खोटं बोलू नकोस, तुझे कान मला माहीत आहेत.”

अक्काने नाक ओढलं. मग म्हणाली, “तू बघ. तूच बघायला हवं.” आणि फोन ठेवला. माझ्या थोरल्या बहिणीने माझा फोन आधी ठेवला, असं आजवर झालं नव्हतं. तिचा आवाज बसल्यासारखा वाटत होता. धुळीने असेल, पडदे काढले की होतं तसं.

चिंगी गेले दोन रविवार आली नाही. दवाखान्यात तपासणी शिबिर आहे म्हणाली. कोट तयार करून ठेवला आहे.

गुरुवार, ९ मे

फिल्मवालीने बोलावलं होतं. तिसऱ्या मजल्यावर एक खोली, खिडकीला काळं कापड, दोन मोठे पडदे आणि समोर एक मुलगी बसून तुकडे जोडते. शिवणकामच ते, फक्त दोरा नाही. आधी माझं दाखवलं. बरी दिसते मी. चेहरा लख्ख, पाटी लख्ख. बसस्टँडचा किस्सा आला, ती तुकडे जोडणारी मुलगीसुद्धा हसली. आणि लगेच त्याला लागून चिंगी.

अक्काच्या सोफ्यावर बसली होती. निळा शर्ट. ती जे बोलली ते मी आठवेल तसं लिहिते आहे. विसरले तर बरं होईल, पण विसरणार नाही.

ती म्हणाली:

“आई गेल्यावर थोड्या वेळाने चौकशीच्या खिडकीतला माणूस माझ्याकडे बघायला लागला. मी सांगितलं, आई बाथरूमला गेली आहे. मग तो परत परत बघायचा. म्हणून मी मधूनमधून बायकांच्या बाथरूमच्या दाराशी जायचे आणि मोठ्याने बोलायचे, ‘आई, झालं का? बरं नाही वाटत? बरं, मी थांबते बाहेर.’ आत कुणी नव्हतं. मग परत येऊन बसायचे. त्याला खरं वाटायला पाहिजे होतं. नाहीतर तो पोलिसांना बोलावेल आणि ते आईला धरतील, असं मला वाटत होतं.

“बिस्किटं मी खाल्ली नाहीत. शेजारी एक बाई होती, तिला दोन मुलं. मी त्यांना एकेक बिस्किट देत होते, सावकाश. म्हणजे ते उठून जाणार नाहीत. आणि लांबून बघणाऱ्याला वाटेल, मी त्यांच्यातलीच आहे. शेवटचं बिस्किट मी अर्धं अर्धं करून दिलं. मग त्यांची बस आली.”

फिल्मवालीचा आवाज आला, “आई ही गोष्ट गंमत म्हणून सांगतात.”

“हो. दर वर्षी त्यांच्या मीटिंगमध्ये तिचा दारू सोडल्याचा वाढदिवस असतो, तेव्हा मीही जाते. ती सांगते, सगळे हसतात. मीही हसते. त्या गोष्टीसाठी माझं एक हसू ठरलेलं आहे.”

“त्यांनी तुमची माफी मागितली?”

“मागितली ना. त्यांच्यात यादी करायची असते, कुणाकुणाला काय त्रास दिला त्याची. ती माझ्यासमोर बसून वाचली तिने. मोठी होती. बूट होते, शाळेची फी होती, माझा दहावा वाढदिवस होता. बसस्टँड नव्हतं. ते गमतीच्या खात्यात गेलं होतं.”

मी उठले तर खुर्ची मागे पडली. म्हटलं, काढून टाका हे. आत्ताच्या आत्ता. फिल्मवाली म्हणाली, ठीक आहे, तुमचा हक्क आहे, बुधवारपर्यंत विचार करा. मी म्हटलं, विचार कसला करायचाय, खोटं बोलते आहे ती. आठ वर्षांच्या पोरीला इतकं सुचतं का?

जिना उतरताना लक्षात आलं, इतकं मलाच सुचायचं, बाटली लपवताना. तेव्हा ती माझ्याच मांडीवर असायची.

शुक्रवार, १० मे

सगळ्यांचा राग येतो आहे. फिल्मवालीचा, अक्काचा, त्या बिस्किटं खाणाऱ्या कार्ट्यांचा. त्यांची आई कसली बाई म्हणायची? परक्या पोरीने एकेक बिस्किट द्यावं आणि हिने विचारू नये, तुझी आई कुठे आहे गं?

मी कुठे होते? लिहिते. कापडवाल्याच्या गोदामामागे, गठ्ठ्यांच्या आडोशाला, एक क्वार्टर घेऊन. मग आणखी एक. ऊन कुठवर सरकलं होतं ते आठवतं, वेळ आठवत नाही. माझ्या हातात घड्याळ नव्हतं, ते आधीच विकलं होतं.

मग चार तास मला कुणी सांगितले?

दुपारी चेन शिवताना मशीन थांबवून बसले. मला चार तास तिने सांगितले. त्याच वर्षी शाळेत घड्याळ शिकवलं होतं, मोठा काटा, लहान काटा. स्टँडवर मोठं घड्याळ होतं. मी धडपडत आले, म्हटलं एक बिस्किट तरी ठेवायचं, आणि ती म्हणाली, “चार तास झाले, आई.” एवढंच म्हणाली होती. ‘तू उशीर केलास’ हे मी घातलं, पहिल्या वर्षी, मीटिंगमध्ये. लोक हसले म्हणून ठेवून दिलं. आकडा तिचा घेतला आणि बाकी सगळं माझ्या मापाचं कापून शिवलं.

कोपऱ्यावरच्या दारूच्या दुकानापर्यंत गेले. खरं लिहायचं तर काउंटरच्या पायरीवर एक पाय ठेवला होता. तिथूनच काकांना फोन केला. काका रिक्षाने आले, मला त्यांच्या घरी घेऊन गेले. सगळं सांगितलं. ते म्हणाले, “मला त्या गोष्टीवर कधी हसू आलं नाही.”

“मग नऊ वर्षांत एकदा तरी विचारायचं होतं, ती पोर तिथे करत काय होती!”

“आपल्यात विचारत नाहीत.”

“आग लागो त्या रीतीला.”

“त्या रीतीने तुला जिवंत ठेवलं,” काका म्हणाले. “पण पोरगी काही आपल्या मीटिंगची सभासद नाही. तिला कसली रीत?”

मी त्यांच्या घरचा चहा न घेता निघाले. काकांवर इतका राग मी कधी धरला नव्हता.

रविवार, १२ मे

आली नाही. फोनही नाही. मी चार वाजेपर्यंत दोघींची ताटं झाकून ठेवली आणि मग एकटीने दोन्ही जेवले, रागाने. पोटात दुखतंय.

बुधवार, १५ मे

दुकान बंद ठेवलं. शेजारीण नाक पुढे करून आली, “आज बंद? बरं नाही का?” मी तिच्या तोंडासमोर जोरात श्वास सोडला आणि म्हटलं, घ्या, पोटभर घ्या. ती दोन पावलं मागे सरकली.

तिसऱ्या मजल्यावर गेले ते भांडायच्या तयारीनेच. रस्ताभर वाक्यं जुळवत होते. म्हणायचं होतं, माझा तो किस्सा तेवढा काढा आणि तिचं ठेवा. म्हणजे तिचंही होईल आणि माझंही. फार मोठं मन केलंय असं मला वाटत होतं.

फिल्मवालीने ऐकून घेतलं आणि म्हणाली, “ताई, तसं केलं तर तिचं अर्धं बोलणं समजणारच नाही. ती ज्या हसण्याबद्दल बोलते ते हसणं लोकांना आधी ऐकू यायला हवं. त्यांना स्वतःलाही हसू यायला हवं. ठेवायचं तर दोन्ही, नाहीतर दोन्ही काढायचं.”

“म्हणजे मी दात काढत बसलेली सगळ्या जगाला दाखवणार? आणि पाठोपाठ ती?”

“हो.”

“लोक मला जोड्याने मारतील.”

“काही जण मारतील. खोटं कशाला सांगू?”

मी तिला म्हटलं, तू फार निर्दय बाई आहेस.  तुकडे जोडणारी मुलगी उठून बाहेर गेली. पडद्यावर माझंच तोंड होतं, अर्धवट हसलेलं, थांबवून ठेवलेलं. नऊ वर्षं मी उजेडात बसते म्हणून मिरवते. त्या अंगठीवालीला मनातून किती हसले मी! ती निदान आपण अंधारात बसलोय हे कबूल करते.

मी म्हटलं, “ठेव दोन्ही. काही कापू नकोस. हसणं सबंध ठेव.” आणि सहीचा कागद असा ओढला की फाटायचा राहिला.

खाली रस्त्यावर येऊन चिंगीला फोन लावला. तिने पाचव्या रिंगला उचलला. मागे दवाखान्याचा आवाज, कुणीतरी अक्षरं वाचत होतं.

“तुझं ठेवलंय,” मी म्हटलं.

“आणि तुझं?”

“माझंही. हसण्यासकट.”

मागचा अक्षरं वाचणारा आवाजही थांबला. मला वाटलं फोन कट झाला. मी म्हटलं, “मला तुझा राग आलेला आहे, चिंगे. अजून गेलेला नाही. परक्या बाईला सांगितलंस आणि मला नाही.”

“तू विचारलं नाहीस, आई.”

मी एका बंद दुकानाच्या पायरीवर बसले.  टेम्पो जात होते, बस जात होत्या, इथे कुणी ‘थांबा, परत म्हणा’ असं सांगायला नव्हतं. मी म्हटलं, “त्या बाईची बस गेली. त्यानंतर तू कुठे बसलीस?”

“पेशंट आहे,” ती म्हणाली. मग कुणाला तरी सांगितलं, दोन मिनिटं बसा हं. दार लावल्याचा आवाज आला.

“बसले नाही,” ती म्हणाली. “उभी राहिले, खांबाजवळ, पिशवी पायात धरून. बसले असते तर तू आल्यावर मी तुला दिसले नसते. आणि तू परत गेली असतीस.”